हात देण्याचा दिवस

कमरजहाँ बांगड्यांची पेटी बांधत होती. एरवी ती रंगाला रंग आणि मापाला माप लावून माळा रचायची. आज हिरव्यात लाल, सव्वादोनमध्ये अडीच, सगळं एकात एक जात होतं. ते पाहून तिच्या भावजयीच्या, हलीमाच्या, लक्षात आलं, की सकाळी विहिरीवर आपण नवऱ्याशी जे बोललो ते आपांनी ऐकलं आहे.

"कुठं निघालात, आपा?"

"नरसीला. पंचफुलाच्या लेकीला सातवा लागलाय ना. हिरवा चुडा भरून येते. उद्या-परवा येईन."

  हलीमाला जे हवं होतं ते नणंदेने स्वतःच उचलून दिलं होतं.

नेमकी तेव्हाच पंचफुलाबाई अंगणात आली. धनगरवाड्याची ही बाई आज पाहुण्यांसाठी बोकड घेऊन आली होती. बोकड यायला तयार नव्हता आणि पंचफुलाबाई त्याला माणसाशी बोलावं तशी बोलत होती.

"माज्या लेकीला कुठला सातवा?" ती दाराशी थांबून म्हणाली. "तिचं लेकरू तर रांगून राहिलं. घरभर माती खातंय. कमरबाई, खोटं बोलायचं तर माणसानं शेजारणीला आधी सांगावं. मी बी सांभाळून घेतलं असतं."

कमरजहाँ हसली. पेटीची दोरी मात्र तिने सोडली नाही.

आज हिंगोलीहून रसूलबी येणार होती. जमीलची आई. जमील कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला होता, मुलगा शांत होता, आणि हलीमाच्या जाहेदाला त्याचं स्थळ आल्यापासून या घरात सगळे जरा हळू आवाजात बोलत होते. या जवळा गावच्या मन्यारांत, म्हणजे बांगडीवाल्यांत, तारीख काढण्याआधी मुलाची आई मुलीच्या घरी येऊन 'हात देते'. मुलीच्या घरातली सर्वांत वडील बाई तिचे दोन्ही हात बांगड्यांनी भरते. दोन्ही हात भरले की सोयरीक पक्की. मग सरबत, मग तारीख. एकच हात भरून बाई उठली तर सोयरीक तिथंच संपते, आणि का संपली हे कोणी विचारत नाही.

या घरातली वडील बाई कमरजहाँ होती. ती विधवा होती, पण मन्यारांना त्याची अडचण नसते. बांगडी भरणारीच्या स्वतःच्या मनगटात काय आहे, हे कोणी पाहत नाही. अडचण वेगळीच होती. तिचा चेहरा नऊ वर्षं भिंतीएवढ्या पडद्यावर दिसला होता, आणि जमीलचा चुलता चाँद पाशा असा माणूस होता, की गावात बायोस्कोपचा तंबू लागला तर तो हलेपर्यंत घरातल्या बायकांना ओट्यावरसुद्धा येऊ देत नसे.

"मी काय वाईट चिंतते का आपांचं?" हलीमा पंचफुलाबाईला म्हणाली.  "माझी एकुलती एक पोरगी हाय. ह्या आधी औंढ्याचं स्थळ काहून गेलं, तुमाला माहीत न्हाई?"

"माहीत हाय की."

"मग?"

"मग काय? मी बोकड घेऊन आले, बाई. मला काहून विचारून राहिली?"

जाहेदा आतल्या खोलीतून बाहेर आली. तिच्या केसांत अजून ओला टॉवेल होता. "फुप्पी नरसीला गेली तर मी बी जाते," ती म्हणाली. "मग अम्मी, तुमीच बसा पाहुण्यांपुढं. तुमचाच निकाह लावा."

"ऐका! ऐका हिची जबान!"

"जाहेदा," कमरजहाँ म्हणाली, "आईशी नीट बोल." मग तिने दोरी सोडली, पेटी भिंतीकडे सरकवली आणि भावाला हाक मारली. "जलाल, आत ये. दाराआड उभं राहून काय ऐकून राहिला?"

जलालुद्दीन खरोखरच दाराआड होता. तो आत आला आणि बोकडाकडे पाहत उभा राहिला, कारण बाकी कोणाकडे पाहणं सोपं नव्हतं. बहिणीला मुंबईला त्यानेच पाठवलं होतं. मेहुणा साथीत गेला तेव्हा ती चोवीस वर्षांची होती, आणि मुंबईत लग्नसराईत बांगड्या भरणाऱ्या बाईला काम कमी पडत नाही, असं तोच म्हणाला होता. ते खरंही होतं. एका स्टुडिओत नटीच्या हातात बांगड्या चढेनात म्हणून कमरजहाँला बोलावलं. नटीचा हात आखडून गेला होता, कॅमेरा थांबून राहिला होता. शेवटी दिग्दर्शक म्हणाला, या बाईचेच हात घ्या. आधी हात घेतले, मग पुढच्या चित्रात चेहरा. कमर म्हणजे चंद्र, म्हणून तिचं नाव ठेवलं मिस इंदुरेखा. नऊ वर्षांत अकरा चित्रं झाली, आणि मग चित्रं बोलायला लागली. तिला माइकपुढे उभं केलं, तेव्हा ऐकणाऱ्यांपैकी एक जण म्हणाला, राणी बाजारात भाव करते आहे असं वाटतं. त्याचं काही चुकलं नव्हतं. ती तशीच बोलायची. नऊ वर्षं ते कोणाला ऐकू आलं नव्हतं, एवढंच.

ती परत आली तेव्हा जलालुद्दीनने गावात सांगितलं, की ती एका पारशाच्या दुकानात होती. ते खोटं त्याने इतक्या वेळा सांगितलं, की त्या दुकानाची पायरीसुद्धा त्याच्या डोळ्यांपुढे यायची.

"तू सांगशील तसं," तो बहिणीला म्हणाला.

"मी सांगते. हात हलीमा भरेल. मी सैपाकघरात बसते. कोणी विचारलं तर नणंदेला ताप आलाय म्हणा." मग ती हलीमाकडे वळली. "एक ध्यानात ठेव. हाताकडं बघू नको. बाईच्या तोंडाकडं बघ. तिला बोलण्यात गुंतव. हात आपोआप सैल पडतो."

हलीमाने मान हलवली. ती विणकरांच्या घरातून आलेली. या घरात येऊन वीस वर्षं झाली तरी बांगड्या तिने विकल्या होत्या, दुसऱ्याच्या हातात फारशा भरल्या नव्हत्या.

---

रसूलबी दुपारी आली. चाँद पाशा बाहेरच्या खोलीत जलालुद्दीनजवळ बसला, रसूलबी आत मधल्या खोलीत. जावेला ऐनवेळी कणकण आली म्हणून ती एकटीच आली होती. उंच, रुंद हाडाची बाई. चेहऱ्यावर काही दिसत नव्हतं.

जाहेदा सैपाकघराच्या दाराच्या फटीतून पाहत होती. तिच्या मागे चुलीजवळ फुप्पी कांदा चिरत बसली होती आणि पंचफुलाबाई, जिला कोणी थांबायला सांगितलं नव्हतं, पाट घेऊन ऐसपैस बसली होती.

"काय म्हणते सासू?" पंचफुलाबाईने विचारलं.

"काहीच न्हाई. अम्मी विचारून राहिली, परवासात तकलीफ झाली का, तर बाई गप. अम्मीनं बसायला सांगितलं तर उभीच राहिली. मग आपल्या मनानं बसली."

"गर्वाची दिसते."

"जमील तर असा न्हाई."

"जमीलला तू कवा पाह्यलं गं?"

जाहेदाने तोंड पुन्हा फटीकडे केलं. कान मात्र लाल झाले.

मधल्या खोलीत हलीमाने पदर तोंडापर्यंत ओढून घेतला होता, व्याह्यांपुढे घ्यावा तसा. तिने मान खाली घालून रसूलबीचा उजवा हात हातात घेतला. "हात सैल सोडा," ती पदराआडून म्हणाली. हात सैल झाला नाही. हलीमाने अडीचची बांगडी घेतली, म्हणजे या हाताला मोठीच, आणि ती अंगठ्याच्या मुळाशी आणून दाबली. काच वाकत नाही. वाकायचं ते हाडाने. हाड वाकलं नाही.

टक्.

"थंडी झाली," हलीमा घाईने म्हणाली. बांगडी फुटली असं या घरात म्हणत नाहीत. तिने दुसरी घेतली. "जरा सैल, बहन, जरा सैल..."

टक्.

बाहेरच्या खोलीत चाँद पाशाचं बोलणं थांबलं.

"दुसरी," पंचफुलाबाई हळूच म्हणाली. कमरजहाँच्या हातातली सुरी थांबली होती.

तिसरी बांगडी फुटली तेव्हा रसूलबीने हात मागे घेतला. अंगठ्याच्या बाजूला रक्ताचा बारीक थेंब आला होता. ती उठली नाही. पण तिने ओढणी सारखी केली, जशी उठण्याआधी बाई करते. जाहेदा वळून म्हणाली, "फुप्पी." एवढंच.

कमरजहाँने कांद्याचे हात धुतले. पुसले. आणि मधल्या खोलीत गेली.

---

रसूलबीला बाराव्या वर्षी ताप आला होता. तेव्हापासून उजव्या कानाने तिला काही ऐकू येत नव्हतं आणि डाव्याने फक्त ताशा. तिच्या घरात हे सगळ्यांना ठाऊक होतं, बाहेर कोणालाच नाही. सोयरिकीच्या बोलण्यात चाँद पाशाने ते काढलं नव्हतं. मुलगी दिल्यावर कळेलच, असं तो म्हणाला होता. लोकांत बसायची वेळ आली की जाऊ शेजारी बसून, तोंड तिच्याकडे करून सगळं पुन्हा म्हणायची. आज जाऊ नव्हती. समोरची बाई पदराआडून बोलत होती. बोलते आहे हे पदर हलत होता त्यावरून कळत होतं. कधी ओढणार, कधी दाबणार, काहीच कळत नव्हतं, म्हणून रसूलबीचा हात प्रत्येक वेळी आधीच आखडत होता. तिला रडू येईल असं वाटत होतं आणि ते कोणाला दिसू नये म्हणून तिने चेहरा दगडासारखा ठेवला होता.

मग ही दुसरी बाई आली. हिच्या तोंडावर पदर नव्हता. ती समोर बसली, हात घेतला, आणि हाताकडे पाहिलंच नाही.

"लागलं का?" ती म्हणाली. शब्द ओठांवर स्वच्छ दिसले.

"थोडं."

"मोटारीनं आलात का छकड्यानं?"

"औंढ्यापर्यंत मोटार. पुढं छकडा."

"त्या छकड्याची चाकं गोल हायेत का चौकोनी, आमाला आजपर्यंत कळलं न्हाई."

रसूलबी हसली, आणि हसता हसता मनगटावर गार काहीतरी सरकलं. तिने खाली पाहिलं. सव्वादोनची हिरवी बांगडी बसली होती. पुन्हा वर पाहिलं तर ती बाई विचारत होती, घरी किती लेकरं, आणि विचारण्याआधी तिची डावी भुवई किंचित वर गेली होती.

ती भुवई रसूलबीने आधी पाहिली होती.

परभणीत, नवरा जिवंत असताना. बायकांसाठी वेगळा खेळ ठेवला होता. तंबूत एक म्हातारा पडद्याजवळ उभा राहून त्यावर येणाऱ्या पाट्या मोठ्याने वाचायचा, बायका त्याच्याकडे कान लावायच्या. रसूलबीला म्हाताऱ्याचे ओठही दिसत होते, पण तिला त्याची गरज नव्हती. आयुष्यात पहिल्यांदा सगळ्या जगाइतकंच तिलाही कळत होतं. खरं तर थोडं जास्तच.

हात भरत गेला. बारावी बांगडी बसली तेव्हा ती म्हणाली, "तुमी राणी हाय."

तिला स्वतःचा आवाज कळत नसे. तो फार मोठा निघाला.

हलीमाच्या हातातली माळ खाली पडली. बाहेरून चाँद पाशाने विचारलं, "काय म्हणाल्या भाभी?" आणि जलालुद्दीनचं उत्तर आलं, "पाणी... पाणी मागितलं असेल."

रसूलबीला हे काही ऐकू आलं नाही. तिने फक्त एवढं पाहिलं, की सगळ्या बाया एकदम दाराकडे पाहून राहिल्या आहेत. तेव्हा तिलाही दीर आठवला. तिने भरलेला हात मागे घेतला.

"व्हय," कमरजहाँ म्हणाली. "मीच."

"आपा!" हलीमा कळवळली.

"तिनं वळखलंय, हलीमा. आता काय झाकू?"

रसूलबी तिच्या ओठांकडे पाहत होती. मग पुढे झुकून, या वेळी जमेल तितक्या हळू म्हणाली, "ते किल्ल्यावरचं. राणी हात वर करून रडून राहिली. म्हातारा म्हणाला, 'खुदा, माझं राज्य मला परत दे.' सगळ्या बाया रडल्या. मी हसले. नंतर नवऱ्याला कळलं, तो लई रागावला."

"काहून हसलात?"

"तुमी तसं कुठं म्हणत होता? तुमी म्हणत होता, 'पाय भाजून राहिले, मेल्या, आवर लवकर.'"

कमरजहाँ तिच्याकडे पाहतच राहिली. मग तिने तोंडावर हात घेतला. पंचफुलाबाई सैपाकघराच्या दारात येऊन उभी होती. तिचं हसू आधी फुटलं.

"पत्रा होता तो," कमरजहाँ म्हणाली. तिच्या डोळ्यांत हसून पाणी आलं होतं. "एप्रिलचा म्हयना. किल्ल्याचा रंग दिलेला पत्रा, आणि मी अनवाणी. अकरा चित्रांत मी काय काय बोलले, त्या दिग्दर्शकाला बी कळलं न्हाई. तुमाला कसं कळलं?"

"मला ऐकू येत न्हाई," रसूलबी म्हणाली.

हलीमाचा हात आपल्या तोंडावरच्या पदराकडे गेला.

"तुमाला कोणी सांगितलं न्हाई ना? मला वाटलंच." रसूलबी पुन्हा कमरजहाँकडे वळली. "आणखी एक होतं. लेकरू नदीत सोडता ते. तिथं तुमी हसण्यासारखं काही म्हणला न्हाई. एकच नाव घेऊन राहिल्या, पुन्हा पुन्हा. मला वाटलं, हिची लेक असंल."

 कमरजहाँने मान वळवली आणि दारातल्या जाहेदाकडे पाहिलं, आणि रसूलबीनेही तिकडे पाहिलं. जाहेदा सात वर्षांची असताना फुप्पी मुंबईला होती. दर ईदला बांगड्या यायच्या, लहान मापाच्या, आणि प्रत्येक वेळी त्या बरोबर बसायच्या. न पाहता माप कसं कळतं, हे जाहेदाने कधी विचारलं नव्हतं. ती दाराची चौकट धरून उभी राहिली.

"हे बघा," कमरजहाँ म्हणाली. तिने आवाज उतरवला. ओठ मात्र प्रत्येक शब्दाला पूर्ण हलत होते. "मी बायोस्कोपात होते, हे जमीलला सांगायचं. तुमच्या दिराला बी."

"आपा, तुमाला काय झालंय?" हलीमा जवळजवळ ओरडली. "त्या गप बसायला तयार हायेत, दिसत न्हाई तुमाला?"

"दिसतंय. आत्ता सोयरीक मोडली तर ही बाई बारा बांगड्या घालून घरी जाईल. कोणाचं काही जाणार न्हाई. निकाहनंतर कळलं, तर तिथं माझी पोरगी असंल, आणि मी इथं. तिच्या घरी जायचं तर मी कमरजहाँ म्हणून जाईन. पारशाच्या दुकानातली बाई म्हणून न्हाई."

"फुप्पी बराबर बोलून राहिली," जाहेदा म्हणाली.

"तू गप!" हलीमा म्हणाली, आणि मग ती मटकन खाली बसली. तिला एकाच वेळी नणंदेच्या थोबाडीत मारावीशी आणि तिच्या मांडीत डोकं ठेवावंसं वाटत होतं. या बाईने आपल्या लेकीला न्हाऊ घातलं, गोवर आला तेव्हा रात्रंदिवस उशाशी बसली, आणि आज आपण तिला ताप आला म्हणून चुलीपाशी बसवलं.

रसूलबी उठली.

एक हात भरलेला, एक रिकामा. तिने ओढणी डोक्यावरून घेतली आणि ती बाहेरच्या दाराकडे चालू लागली. हलीमाने डोळे मिटून घेतले. पंचफुलाबाई पुटपुटली, "गेलं."

---

जलालुद्दीनने दाराचा पडदा हललेला पाहिला आणि तो उभा राहिला. पडद्याआडून आलेला आवाज रस्त्यावर ऐकू जाईल इतका मोठा होता.

"चाँद पाशा! पोरीची फुप्पी बायोस्कोपात होती. राणी व्हायची. मी पाहिलीय. तुझ्या भावानंच दाखवलीय मला, परभणीला."

चाँद पाशाचा चेहरा आधी पांढरा झाला, मग तांबडा. "भाभी! हे काय... याअल्लाह! जलालमियाँ, तुमी आमाला हे... भाभी, बाहेर या. चला. आत्ताच्या आत्ता!"

"माझा हात अर्धा राहिलाय," पडद्याआडचा आवाज म्हणाला. "तो भरून येते."

"भाभी, मी सांगून राहिलो! अशा घरात..."

"तू काय बोलून राहिला, मला ऐकू येत न्हाई," रसूलबी म्हणाली. "तुला तर माहीतच हाय."

पडदा पुन्हा सरळ झाला.

चाँद पाशा बोलत राहिला. त्याने खानदान काढलं, मोठा भाऊ काढला, हिंगोलीचा बाजार काढला. पडद्याकडे तोंड करून बोलला, मग जलालुद्दीनकडे करून. जलालुद्दीन मान खाली घालून ऐकत होता. पारशाच्या दुकानाची पायरी आज पहिल्यांदा त्याच्या डोळ्यांपुढे आली नाही. बोलता बोलता चाँद पाशाचा आवाज खाली आला. जिच्याशी भांडायचं ती आत बसली होती आणि तिला ऐकू येत नव्हतं; आत जाऊन तिच्याकडे तोंड करून बोलायचं, तर तिथं परक्या घरच्या बायका होत्या.

"भावानं दाखवली," तो शेवटी स्वतःशीच म्हणाला. "आमाला तर कधी दाखवली न्हाई."

जलालुद्दीनला हसू आलं. ते त्याने मिशीत दाबलं आणि पानाचा डबा त्याच्यापुढे सरकवला. चाँद पाशाने पान घेतलं नाही, पण डबा दूरही लोटला नाही.

आत रसूलबीने कमरजहाँपुढे मांडी घातली होती. डावा हात तिने स्वतःहून पुढे केला होता, आणि तो इतका सैल होता, की कमरजहाँला तो झेलावा लागला.

हलीमा उठून त्यांच्याजवळ आली. तोंडावरचा पदर काढून तिने फुटलेल्या काचा त्यातच गोळा केल्या, तो एका हाताने धरून ठेवला, आणि रसूलबीच्या अगदी समोर बसली.

"सरबत करू का?" तिने ओठ नीट हलवून विचारलं.

"थांब गं," रसूलबी म्हणाली. "आधी ह्यांना ते घोड्यावरचं विचारू दे. घोड्यावर बसून त्या सेनापतीला तुमी काय म्हणला होता, त्यो म्हातारा तर म्हणाला की..."

"ते लेकीपुढं सांगण्यासारखं न्हाई," कमरजहाँ म्हणाली, आणि पहिली बांगडी आत गेली.